कुंडीतलं बिल्लीलोटन

आमच्या सोनी मांजरीसाठी धाकट्या लेकीने मागच्या उन्हाळ्यात हट्ट धरला. "अम्मी, कॅटनिप लावू या. मोबाईलवर बघ, मांजरं कशी लोळतात त्याच्यावर." आपला जालना जिल्हा बियाण्यांसाठी देशभर ओळखला जातो, कापूस-मका म्हणाल ते वाण मिळतं, पण ही पुडी पार्सलनेच मागवावी लागली. ती आली एप्रिलच्या शेवटी. शेतातली काळी माती तेलाच्या डब्यात भरली, बोटभर खोल बी टाकलं आणि डबा गच्चीवर ठेवला. मे महिन्यात आष्टीची गच्ची कशी तापते ते सांगायला नको. चार अंकुर आले, आठ दिवसांत वाळले. मातीला भेगा पडल्या त्या वेगळ्याच. पुडीवर काय लिहिलंय ते वाचलं नाहीस म्हणून मी लेकीला बोलले. नंतर चष्मा लावून पुडी पाहिली, तर मीही वाचलेली नव्हती.

या झाडाला आपल्या उर्दूत किती सुंदर नाव आहे! बिल्लीलोटन, म्हणजे ज्याच्यावर बिल्ली लोळते ते. हकीमांच्या भाषेत बादरंजबोया. ज्यांच्या घरी खमीरा गावजबान येतो, त्यांनी बाटलीवरच्या यादीत हे नाव वाचलं असेल. मला वाटलं, मग बियांची कटकट कशाला? अत्ताराकडून वाळलेला पाला आणला आणि सोनीपुढे ठेवला. तिने हुंगला, शिंकली आणि निघून गेली. चूक अत्ताराची नव्हती. बादरंजबोया या एकाच नावाखाली बाजारात दोन-तीन वेगवेगळ्या वनस्पती विकल्या जातात. काही कॅटनिपच्या जवळच्या, काही पुदिन्याच्या कुळातल्या पण दूरच्या. शिवाय जुन्या पाल्याचा वास उडून जातो.

खरी गंमत पावसाळ्यात झाली. मोरीच्या पाण्याजवळ, कुंपणाच्या भिंतीलगत मी तण उपटत होते. उपटलेला ढीग बाजूला टाकला आणि सोनी त्याच्यावर तुटून पडली. मुळं चावते काय, गाल घासते काय, पाठीवर लोळते काय! सासूबाई ओट्यावरून ओरडल्या, "अगं, बिल्लीला झालं काय?" ती होती खोकली. काही गावांत हिला खाजोटी म्हणतात, हिंदीत कुप्पी. पावसाळ्यात उकिरड्याजवळ, पडक्या भिंतीशी ही गुडघाभर वाढते. लांब देठाची, कडेला दातेरी पानं आणि तुऱ्यावर वाटीसारख्या हिरव्या पाकळ्यांत बसलेली बारीक फुलं. कॅटनिपचा पाला मांजराला ओढतो, हिचं मात्र मूळ. ऑस्ट्रेलियातल्या संशोधकांनी 2016 मध्ये हिच्या मुळातून जी द्रव्यं वेगळी केली, ती कॅटनिपमधल्या नेपेटालॅक्टोनच्याच नात्यातली निघाली. म्हणजे परदेशी बी मागवून आम्ही जे शोधत होतो, ते मी दरवर्षी उपटून फेकत होते.

पण त्याच आठवड्यात अंगावर काटा येईल असं घडता घडता राहिलं. कपाशीच्या पट्ट्यात घराघरांत तणनाशकाची अर्धी बाटली पडलेली असते, तशी आमच्याकडेही होती. मुलीच्या अब्बूंनी अंगणातलं गवत मारायला पंप भरून ठेवला होता. लेक धावत आली. "अब्बू, सोनी तिथलीच मुळं खाते!" पंप तसाच उचलला गेला. मांजर फवारलेल्या गवतातून चाललं तरी पुरे, नंतर पाय चाटून ते विष स्वतःच पोटात घेतं. तेव्हापासून अंगणात खुरपंच चालतं. ज्या घरात मांजर, कोंबडी किंवा रांगतं मूल आहे, त्यांनीही एवढं कराच.

खोकलीबद्दल आणखी एक सांगते, कारण नावावरून पुष्कळ जणी तिचा काढा लेकरांच्या खोकल्याला देतात. काही मुलांच्या रक्तात जन्मतःच जी-सिक्स-पीडी नावाचं एक विकर कमी असतं. दिसायला मूल ठणठणीत, घरच्यांना पत्ताही नसतो. अशा माणसांनी ही वनस्पती खाल्ली की तांबड्या पेशी फुटू लागतात. लघवी काळसर होते, डोळे पिवळे पडतात. श्रीलंकेत असे रुग्ण नोंदले गेले आहेत. तेव्हा खोकली मांजरासाठी ठेवा आणि लेकराला डॉक्टरांकडे न्या.

आता लागवड. कॅटनिप थंड हवेचं झाड आहे, आपल्याकडे ते ऑक्टोबरात, पाऊस सरल्यावर लावायचं. नुसती काळी माती नको, ती पाणी धरून ठेवते आणि मुळं कुजतात. एक भाग माती, एक भाग वाळू, एक भाग जुनं शेणखत असं मिश्रण आम्ही केलं. बी बारीक असतं. रात्रभर भिजवून वर पसरायचं आणि चिमूट-चिमूट माती भुरभुरायची. एक ते तीन आठवड्यांत उगवतं. सकाळचं ऊन द्या आणि वरची माती सुकली की मगच पाणी. रोपं वीतभर झाली की शेंडे खुडा, म्हणजे फांद्या फुटतात. तोवर कुंडीवर तारेची जाळी किंवा पालथी टोपली हवीच. पानाला धक्का लागला की वास सुटतो आणि मांजर रोपासकट सगळं सपाट करतं. फेब्रुवारीनंतर कुंडी सावलीत हलवा. एवढं करूनही एखाद्या उन्हाळ्यात झाड गेलं, तर वाईट वाटून घेऊ नका, पुन्हा पेरा. फुलं उमलायच्या आधी फांद्या कापून सावलीत वाळवल्या आणि घट्ट झाकणाच्या बरणीत भरल्या, तर बरेच महिने पुरतात. चिमूटभर पाला जुन्या ओढणीच्या पुरचुंडीत बांधला की खेळणं तयार.

खोकलीला यातलं काही लागत नाही. पावसाळ्यात एखादं रोप मातीसकट उचलून डब्यात लावलं की झालं.

मांजर लोळतं ते पाच-दहा मिनिटं. मग तास-दोन तास त्याला त्या वासाचं काही वाटत नाही. सवय लागत नाही, मात्र जास्त पाला खाल्ला तर उलटी होते. दोन-चार महिन्यांचं पिल्लू ढुंकूनही बघणार नाही, आणि मोठ्यांतही सुमारे तिसरा हिस्सा मांजरांना काहीच होत नाही. ते जन्माचंच असतं. हे लोळणं कशासाठी, याचं एक उत्तर जपानच्या इवाते विद्यापीठातल्या संशोधकांनी 2021 मध्ये दिलं. त्यांच्याकडे मांजरांना असंच वेड लावणारी एक वेल आहे. तिच्या पानांवर अंग घासलेल्या मांजरांवर डास कमी बसले. पण कुंडी खिडकीत ठेवली की घरातले डास जातील असं समजू नका, पान चुरगळल्याशिवाय तो वास फारसा सुटत नाही. मच्छरदाणी लावाच.

आमच्या ऑक्टोबरच्या पेरणीतली पाच रोपं जगली. लेक रोज मापनपट्टी लावून त्यांची उंची वहीत लिहिते, गणिताच्या वहीला मात्र तिचा तेवढा हात लागत नाही. जाळी काढली त्या दिवशी सगळे ओट्यावर जमलो. सोनीने कॅटनिपचं एक पान चावलं, दोन कोलांट्या मारल्या आणि उठून भिंतीकडे गेली, जिथे खोकलीचं एक वाळकं खोड उरलं होतं. तिथली माती ती बराच वेळ उकरत बसली.