विमा पैसे भरेल, तुरुंगात जाणार नाही

डिलिव्हरीसाठी टेम्पो घेताना आपण हप्ता, मायलेज, विमा सगळं बघतो. आज एक कोर्टाची केसही बघा.

१२ नोव्हेंबर २००६, पहाटेची वेळ. मुंबईत वांद्र्याच्या कार्टर रोडवर दारू प्यायलेल्या चालकाची कार फुटपाथवर चढली. तिथे झोपलेले ७ मजूर गेले, ८ जखमी झाले. सत्र न्यायालयाने हा निष्काळजीपणा धरून ६ महिन्यांची शिक्षा दिली. हायकोर्टाने २००७ मध्येच तो निकाल फिरवला: सदोष मनुष्यवध, ३ वर्षं सक्तमजुरी. २०१२ मध्ये सुप्रीम कोर्टाने ती शिक्षा कायम ठेवली. उलट म्हटलं, ही शिक्षा कमीच आहे, पण सरकारने ती वाढवायला अपील केलेलं नाही.

माझ्या मते हायकोर्ट बरोबर होतं. चुकून होणं वेगळं आणि धोका माहीत असून करणं वेगळं.

आता आपल्या दुकानाकडे या. गेल्या दिवाळीत आमचा ड्रायव्हर रात्रभर माल भरून सकाळी डिलिव्हरीला निघाला होता. डोळ्यांत झोप दिसत होती. मी किल्ली काढून घेतली. ऑर्डर गेली, गिऱ्हाईक चिडलं. तरी चालेल! विमा भरपाई देईल, पण गेलेला माणूस परत आणणार नाही.

म्हणून आजच नियम लावा: दारू, झोप किंवा लायसन्स नाही, यातलं एक जरी असलं तरी किल्ली मिळणार नाही. मालकाच्या पोरालासुद्धा नाही.