सरकारी जमीन : दावेदार हजर, मालक गैरहजर

सरकारी जमिनीवर खाजगी मालकी सांगणारे दावे न्यायालयात उभे राहतात, तेव्हा वादी हजर असतो, त्याचा नामांकित वकील हजर असतो, जुन्या कागदांची चळतही हजर असते. गैरहजर असते ते सरकार. लेखी कैफियत मुदतीत दाखल होत नाही, दप्तर सापडत नाही, साक्षीला आलेल्या अधिकाऱ्याने जमीन पाहिलेलीच नसते. आणि दावा हरल्यावर अपिलाची मुदत टळून जाते. याला आळस म्हणणे भाबडेपणाचे आहे. हा आळस नेमका कोणाच्या सोयीचा ठरतो, हा खरा प्रश्न आहे.

कायदा दुबळा आहे, ही सबब चालणार नाही. जी जमीन अन्य कोणाची नाही ती राज्याची, असे महाराष्ट्राचा १९६६ चा जमीन महसूल कायदा सांगतो. स्थावर मिळकतीच्या ताब्यासाठी १९६३ चा मुदत कायदा खाजगी मालकाला १२ वर्षे देतो, तर सरकारला ३०. आर. हनुमय्या विरुद्ध कर्नाटक सरकार या २०१० च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने तर स्पष्ट बजावले की, सरकारने नीट विरोध केला नाही एवढ्यावरून असे दावे मंजूर करता येणार नाहीत. कारण त्या बेफिकिरीमागे अधिकाऱ्यांचे संगनमतही असू शकते.

यामागील अर्थशास्त्र सरळ आहे. शहरालगतच्या जमिनीचे मोल वाढते ते दावेदाराच्या घामाने नव्हे. रस्ते, पाणी, वीज आणि कष्टकऱ्यांची वस्ती यांनी ते वाढते. समाजाने निर्माण केलेले हे मूल्य खिशात घालायला दावा जिंकावाच लागतो असे नाही. मनाई हुकूम मिळवून ताबा टिकवला तरी पुरते. वकिलाची फी हे भांडवल आणि न्यायालयीन विलंब हे त्याचे व्याज!

पुण्याच्या कोंढवा बुद्रुक येथील ११.८९ हेक्टर राखीव वनजमीन १९९८ मध्ये शेतीच्या नावाने एका कुटुंबाला देण्यात आली आणि पुढे ती एका गृहनिर्माण संस्थेकडे गेली. हे वाटप बेकायदा ठरायला १५ मे २०२५ उजाडावा लागला. राजकारणी, नोकरशहा आणि बिल्डर यांच्या साटेलोट्यावर सर्वोच्च न्यायालयाने त्या दिवशी बोट ठेवले.

आता दुसरी बाजू पाहा. दादासाहेब गायकवाडांच्या नेतृत्वाखाली १९६४-६५ मध्ये भूमिहीनांनी सत्याग्रह करून तुरुंग भरले, तेव्हा त्यांची मागणी पडीक जमीन कसण्याची होती. १४ एप्रिल १९९० पर्यंत अनुसूचित जाती-जमातींनी शेतीसाठी केलेली अतिक्रमणे नियमित करण्याचा निर्णय शासनाने १९९१ मध्ये घेतला; तरीही कित्येकांच्या नावे सातबारा झालेला नाही. मात्र २०२२ मध्ये उच्च न्यायालयाने गायरानांवरील अतिक्रमणांची दखल घेताच याच यंत्रणेला विलक्षण चपळाई आली आणि गावोगाव गरिबांच्या दारांवर नोटिसा लागल्या.

अतिक्रमण ते अतिक्रमण, गरीब-श्रीमंत भेद कशाला, असे कोणी विचारील. हा भेद आम्ही कल्पनेने काढलेला नाही. गावाची सामाईक जमीन बळकावणाऱ्यांना हटवा, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने २०११ च्या जगपाल सिंग खटल्यात सर्व राज्यांना दिला, तेव्हाही शासनाने भूमिहीन मजुरांना व अनुसूचित जाती-जमातींना दिलेल्या जमिनींचा अपवाद त्याने मान्य केला होता. पोटासाठी कसणे आणि नफ्यासाठी गिळणे यांत फरक आहे.

म्हणून आमच्या मागण्या साध्या आहेत. प्रत्येक गावच्या सरकारी जमिनींची आणि त्यांवरील प्रलंबित दाव्यांची यादी चावडीवर लावा. अशा प्रत्येक दाव्यात ग्रामसभेला पक्षकार होण्याचा हक्क द्या. अपिलाची मुदत बुडवणाऱ्या अधिकाऱ्याकडून जाब घ्या. आणि भूमिहीनांचे अडकलेले हक्क आधी निकाली काढा.

सरकार या जमिनीचे मालक नाही, विश्वस्त आहे. विश्वस्तच फितूर झाला, तर खऱ्या मालकाने, म्हणजे जनतेने, न्यायालयाच्या दारात स्वतः उभे राहिले पाहिजे.