राणी, आई आणि व्यवहार : संघटित गुन्हेगारीतील स्त्रीच्या दूरचित्रकथांविषयी

१

संघटित गुन्हेगारीत अधिकारपदाला पोहोचलेली स्त्री हा गेल्या दोन दशकांत दूरचित्रवाणीवरील कथनाचा एक स्थिर प्रकार बनला आहे. या प्रकाराचे माहेर स्पॅनिश भाषेत आहे. कोलंबियातील काराकोल वाहिनीने २००६ मध्ये गुस्ताव्हो बोलिव्हार यांच्या कादंबरीवरून 'स्तनांवाचून स्वर्ग नाही' अशा अर्थाच्या नावाची मालिका दाखविली. २०१० मध्ये होर्हे फ्रान्को यांच्या १९९९ च्या कादंबरीवर आधारलेली 'रोसारिओ तिहेरास' आली. २०११ मध्ये अमेरिकेतील टेलेमुंदो या स्पॅनिश वाहिनीवरील 'ला रेइना देल सुर', म्हणजे 'दक्षिणेची राणी', या ६३ भागांच्या मालिकेने या प्रकाराला खरी बाजारपेठ मिळवून दिली.

आपल्याकडेही हा प्रवाह अपरिचित राहिलेला नाही. 'गॉडमदर' (१९९९) हा चित्रपट तर या मालिकांच्याही आधीचा. एस. हुसेन झैदी आणि जेन बोर्जेस यांचे मुंबईतील अशा स्त्रियांवरील इंग्रजी पुस्तक २०११ मध्ये प्रसिद्ध झाले. त्यानंतर 'हसीना पारकर' (२०१७), 'आर्या' (२०२०), 'माई' (२०२२), 'गंगूबाई काठियावाडी' (२०२२), 'सास, बहू और फ्लेमिंगो' (२०२३) अशी मालिका आणि चित्रपटांची रांगच लागली. या कृतींची भाषा हिंदी असली, तरी त्यांतील निदान दोहोंची भूमी मुंबईची आहे आणि त्यांचा प्रेक्षक मोठ्या प्रमाणावर मराठी घरांतला आहे. मराठी विभागांनी त्यांची दखल घेऊ नये, असे म्हणण्याचे कारण उरत नाही.

प्रस्तुत टिपणात एकच मुद्दा मांडावयाचा आहे. मूळ स्पॅनिश कथेत गुन्हेगार स्त्रीला एक धंदा होता. आपल्याकडे येताना त्या धंद्याच्या जागी नाते आले. या अदलाबदलीमुळे गुन्हेगारीचे अर्थकारण कथेतून नाहीसे झाले असून त्याची किंमत आपल्या वाङ्मयीन जाणिवेलाही मोजावी लागत आहे.

२

'दक्षिणेची राणी' ही मालिका अर्तुरो पेरेझ-रेव्हेर्ते यांच्या २००२ च्या कादंबरीवर आधारलेली आहे. त्या कादंबरीमागे मेक्सिकोतील 'कोरिदो' हा गेय कथनप्रकार उभा आहे. आपल्या पोवाड्याशी त्याचे काही अंशी नाते जुळते, कारण तोही एखाद्या व्यक्तीचा पराक्रम किंवा अंत लोकांसमोर गाऊन सांगतो. १९७० च्या दशकात 'लोस तिग्रेस देल नोर्ते' या वाद्यवृंदाने कामेलिया नावाच्या एका तस्कर स्त्रीचा कोरिदो लोकप्रिय केला. गाडीच्या टायरांत गांजा लपवून सीमा ओलांडणारी ही स्त्री प्रियकर दगा देतो असे दिसताच त्याला गोळी घालते आणि पैशांसह नाहीशी होते. ती का अशी झाली, याचे स्पष्टीकरण गीत देत नाही, आणि श्रोताही ते मागत नाही.

पेरेझ-रेव्हेर्ते यांची तेरेसा मेंदोझा याच परंपरेतून येते. मात्र कादंबरीकाराने तिला कामेलियाकडे नव्हते असे काहीतरी दिले आहे. ते म्हणजे कामाचा तपशील. तेरेसा आरंभी सिनालोआ प्रांतातील कुलिआकान शहराच्या रस्त्यावर डॉलर बदलून देणारी मुलगी आहे. प्रियकराचा खून झाल्यावर ती स्पेनच्या ताब्यातील मेलिया या आफ्रिकी किनाऱ्यावरच्या शहरात पळून जाते आणि तेथील एका बारमध्ये हिशेब सांभाळते. पुढे जिब्राल्टरच्या सामुद्रधुनीतून वेगवान होड्या हाकताना इंजिन, वारा, भरती आणि गस्त यांचे गणित ती शिकते. तुरुंगात एका सोबतिणीमुळे तिच्या हाती 'काउंट ऑफ माँटेक्रिस्टो' पडते आणि तिला वाचनाची गोडी लागते. बाहेर आल्यावर ती मालाची नव्हे, मालाच्या वाहतुकीची व्यवस्था उभी करते. तिच्या सत्तेचा पाया रूपात नाही आणि सूडातही नाही. तो हिशेबात आहे.

स्पॅनिश वाङ्मयाच्या अभ्यासकाला यात नवल वाटणार नाही. 'लाझारिय्यो दे तोर्मेस' (१५५४) पासून त्या भाषेत 'पिकारेस्क' कथनाची, म्हणजे अनेक मालकांकडे राबत, फसत आणि फसवीत पोट भरणाऱ्या लुच्च्या नायकाच्या कथेची, परंपरा आहे. 'ला पीकारा हुस्तिना' (१६०५) मध्ये तो नायक स्त्री होतो. भाडोत्री मारेकऱ्यांविषयीच्या आधुनिक कोलंबियन कथांना तेथील समीक्षेत 'सिकारेस्का' असे या जुन्या संज्ञेशी यमक साधणारे नाव मिळाले, ते याच जाणिवेतून. पिकारेस्क कथनात नैतिकतेपेक्षा उपजीविका हा प्रश्न अगोदर येतो. ही व्यक्ती जगते कशावर, हे तेथे वाचकाला सांगावेच लागते.

अर्थात स्पॅनिश मालिकांचे गौरवीकरण करण्याचा येथे हेतू नाही. बाजाराचा रेटा तेथेही आहे. 'दक्षिणेची राणी'चे दुसरे पर्व २०१९ मध्ये आले, तेव्हा तेरेसा इटलीत नाव बदलून राहणारी आई झालेली होती आणि कथा तिच्या मुलीच्या अपहरणापासून सुरू होत होती. हिशेब करणाऱ्या स्त्रीची जागा मूल वाचविणाऱ्या स्त्रीने घेतली. जे तेथे आठ वर्षांनी घडले, ते आपल्याकडे आरंभापासूनच घडत आले आहे.

३

आपल्या कृतींची केवळ नावे व संबोधने पाहावीत. 'गॉडमदर' आणि 'माई' या शीर्षकांतच आई आहे. हसीना ही 'आपा' म्हणजे थोरली बहीण. 'सास, बहू और फ्लेमिंगो' या नावातच घरातली उतरंड आहे. 'आर्या' ही मूळ 'पेनोझा' या डच मालिकेवरून घेतलेली असून तिची नायिका पतीच्या हत्येनंतर मुलांच्या रक्षणासाठी कुटुंबाचा अफूशी जोडलेला व्यवसाय हाती घेते. कामाठीपुऱ्यातील स्त्रियांची कैवारी म्हणून उभी केलेली गंगूबाई पांढऱ्या साडीत वावरते, आझाद मैदानावर भाषण करते आणि पंतप्रधानांपुढे गाऱ्हाणे मांडते.

नातेवाचक शब्द आपल्या भाषांत केवळ संबोधन नसतो. त्यामागे हक्क, कर्तव्य आणि क्षमा यांची एक संपूर्ण व्यवस्था असते. एकदा 'आई' म्हटले की तिच्या कृत्याचा हिशेब मागणे हाच अपराध ठरतो. गुन्हेगार पुरुषाला आपली लोकप्रिय कथा 'भाई' किंवा 'डॅडी' म्हणते, तेव्हा ती त्याच्या दहशतीला आपुलकीचा मुलामा देते, पण त्याची टोळी, त्याची खंडणी आणि त्याचे हत्यार झाकत नाही. स्त्रीच्या बाबतीत मात्र नात्याचा पडदा पूर्ण ओढला जातो. माल कोठून येतो, कोणाच्या अंगावर तो वाहून नेला जातो, हप्ता कोणाला पोचतो, कोठीवर राबणाऱ्या मुलीच्या कमाईतला कितवा हिस्सा घरवालीकडे जातो, हे प्रश्न कथेच्या बाहेर राहतात. 'गंगूबाई'त आपण घरवालीला मुलींची आई म्हणून पाहतो. तिच्या उत्पन्नाचे मूळ त्याच मुलींच्या शरीरात आहे, याची आठवण चित्रपट फारशी राहू देत नाही.

झैदी आणि बोर्जेस यांच्या पुस्तकातील डोंगरीच्या जेनाबाईची हकिगत येथे तुलनेसाठी घेता येईल. रेशनच्या टंचाईत धान्याच्या चोरट्या व्यापारात उतरलेली ही बाई पुढे दारूबंदीच्या काळात दारूच्या धंद्यात स्थिरावली. या हकिगतीत कायदा, टंचाई आणि बाई यांचा परस्परसंबंध स्पष्ट दिसतो. १९४९ च्या मुंबई दारूबंदी कायद्याने केवळ दारू बेकायदा केली नाही, तर घरातल्या चुलीशी बसणाऱ्या बाईला एक नवी उपजीविकाही निर्माण करून दिली. पुस्तकातील गंगूबाईवर भव्य चित्रपट निघाला, जेनाबाईच्या वाट्याला तसे भाग्य आले नाही. धान्याच्या गोणीत राजमुकुटाला जागा नसते, हे त्याचे एक कारण असावे.

'सास, बहू और फ्लेमिंगो'चा अपवाद नोंदवणे न्याय्य ठरेल. तेथे स्त्रिया माल तयार करतात, वाटतात, हिशेब ठेवतात आणि हस्तकलेच्या व्यवसायाआड हे सारे चालवितात. परंतु ती मालिका कामाला अशा काल्पनिक वाळवंटात नेऊन ठेवते, की त्या कामाचा आपल्या ओळखीच्या बाजाराशी संबंध उरत नाही.

४

या विवेचनावर एक आक्षेप संभवतो आणि तो गंभीरपणे घेतला पाहिजे. निर्णय घेणारी, हुकूम सोडणारी, पुरुषांना आपल्यासमोर उभे करणारी स्त्री पडद्यावर दिसणे हेच मुळात मोलाचे नाही काय? नालासोपाऱ्यासारख्या ठिकाणी अध्यापन करणाऱ्याला हा आक्षेप विद्यार्थिनींच्या तोंडून ऐकावा लागतो, आणि त्यात तथ्य आहे. पहाटे घरचे आवरून विरार लोकल गाठणाऱ्या आणि उभ्यानेच मोबाइलवर एखादा भाग पाहणाऱ्या मुलीला 'आर्या'च्या निग्रहाचे आकर्षण वाटले, तर तिला दोष देता येत नाही. तिच्या भोवतालात आज्ञा देणारी स्त्री क्वचितच भेटते.

तथापि, या निग्रहाला परवानगी कशी मिळते, हेही पाहिले पाहिजे. पती मेला किंवा त्याने फसविले, मूल संकटात आले, एवढे झाल्यावरच स्त्रीने सत्ता हाती घेतलेली चालते. सत्ता तिला हवी होती, ती तिला जमते, तिच्यात तिला सुख वाटते, असे म्हणण्याची मुभा तिला नाही. विधवा आणि माता या दोन भूमिकांच्या कुंपणातच हे स्वातंत्र्य बहरते. ज्या मूल्यव्यवस्थेला आपण छेद देतो आहोत असे या कृती सुचवितात, तिचीच अनुमती त्या दर पावलाला घेत असतात. त्यांना सरसकट स्त्रीवादी ठरविण्याची घाई समीक्षेने करू नये, असे म्हणावयाचे ते यासाठी.

शिवाय खऱ्या व्यक्तींचा प्रश्न आहेच. गंगूबाईचा दत्तक पुत्र असल्याचे सांगणाऱ्या व्यक्तीने चित्रपटाविरुद्ध न्यायालयात दाद मागितली होती. फेब्रुवारी २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती याचिका फेटाळली. कायद्याच्या दृष्टीने प्रश्न तेथे संपला. परंतु जिच्या नावे कागदोपत्री फार थोडे उरले आहे, अशा स्त्रीला गौरव देतानाही आपण तिच्याविषयी काय गृहीत धरतो, हा वाङ्मयीन प्रश्न त्या निर्णयाने सुटत नाही.

५

मराठी वाङ्मयाकडे या बाबतीत उसनवारी करण्याची पाळी येऊ नये. कामाठीपुऱ्याचा परिसर नामदेव ढसाळ यांच्या 'गोलपिठा'ने १९७२ मध्येच मराठी कवितेत आणला, आणि त्यात राणी नाही. जयवंत दळवी यांच्या 'चक्र' (१९६३) या कादंबरीतील झोपडपट्टीत चोरी, दारू, भूक आणि निवारा यांची सरमिसळ अशी आहे, की गुन्हा कोठे संपतो आणि संसार कोठे सुरू होतो, हे सांगता येऊ नये. १९८१ मध्ये त्यावर निघालेल्या चित्रपटाच्या अखेरीस वस्तीवर बुलडोझर येतो. अम्माचे घराचे स्वप्न कोणा टोळीप्रमुखाने मोडलेले नाही. ते एका व्यवस्थेने मोडलेले आहे.

त्या अखेरीची आठवण नालासोपाऱ्यात आज अपरिहार्यपणे होते. ग्रंथांतरी हे गाव शूर्पारक बंदर आणि अशोकाचा शिलालेख यांसाठी प्रसिद्ध, तर वृत्तपत्रांत ते बहुधा गुन्ह्यांच्या बातम्यांत येते. येथील संघटित गुन्हेगारीचे सर्वांत मोठे अलीकडचे उदाहरण मात्र कोणत्याही मालिकेच्या साच्यात बसणारे नाही. नालासोपारा पूर्वेस सांडपाणी प्रकल्प व कचराभूमीसाठी राखीव असलेल्या जमिनीवर बनावट कागदपत्रांच्या आधारे इमारती उभ्या राहिल्या आणि त्यांतील सदनिका विकल्या गेल्या. मुंबई उच्च न्यायालयाच्या आदेशानुसार वसई-विरार शहर महानगरपालिकेने २०२४ च्या अखेरीस कारवाई सुरू केली आणि २०२५ च्या आरंभी अशा सर्व ४१ इमारती जमीनदोस्त झाल्या. सुमारे २,५०० कुटुंबे बेघर झाली. पुढे सक्तवसुली संचालनालयानेही या व्यवहारांचा तपास हाती घेतला.

या गुन्ह्याचे हत्यार कागद आहे. त्यात राणी नाही, गोळीबार नाही, पाठलाग नाही. त्यात स्त्रिया आहेत, पण त्या दागिने मोडून पहिला हप्ता भरणाऱ्या, करारनाम्यावर सही करणाऱ्या आणि शेवटी भांडीकुंडी रस्त्यावर मांडून बसणाऱ्या. या स्त्रियांना नायिका करणारे कथन आपल्याकडे निर्माण होऊ शकलेले नाही, कारण राणीच्या कथेने आपल्या नजरेला गुन्हा म्हणजे व्यक्ती असेच शिकविले आहे. चित्रा मुद्गल यांची 'पोस्ट बॉक्स नं. २०३ नाला सोपारा' (२०१६) ही साहित्य अकादमी पुरस्कारप्राप्त हिंदी कादंबरी येथे राहणाऱ्या एका आईला उद्देशून लिहिलेल्या पत्रांची आहे. तिचा विषय वेगळा. परंतु टपालपेटीच्या क्रमांकासारख्या रुक्ष कागदी तपशिलातून आईपणाचा किती खोल वेध घेता येतो, हे तिने दाखविले आहे. या गावावरचे असे लेखन मराठीऐवजी हिंदीत व्हावे, याचा विचार आपण केला पाहिजे.

६

पदव्युत्तर विद्यार्थ्यांनी या मालिका पाहू नयेत, असे सुचवावयाचे नाही. उलट त्या लघुप्रबंधाचा विषय व्हाव्यात. मात्र 'सबल स्त्रीची प्रतिमा' या चाकोरीतील शीर्षकाऐवजी काही साधे प्रश्न घेऊन अभ्यास व्हावा. या स्त्रीच्या हाती पैसा कोणत्या मार्गाने येतो? तिच्यासाठी राबणाऱ्या इतर स्त्रिया कथेत कोठे आहेत? तिला क्षमा कोणत्या नात्याच्या नावाने मिळते? कोरिदो आणि पोवाडा, पिकारेस्क कथन आणि आपल्याकडील झोपडपट्टीची कादंबरी यांचा तौलनिक विचार या प्रश्नांच्या आधारे करता येईल आणि त्यासाठी स्पॅनिश येणे अनिवार्य नाही, कारण पेरेझ-रेव्हेर्ते आणि फ्रान्को इंग्रजी अनुवादात उपलब्ध आहेत.

तेरेसा मेंदोझाचे मोठेपण ती राणी झाली यात नाही. तिला हिशेब येत होता आणि लेखकाने तो आपल्याला वाचू दिला, यात ते आहे. नालासोपाऱ्यात पाडलेल्या इमारतींतील स्त्रियांपाशीही हिशेबाच्या वह्या आहेत, हप्त्यांच्या पावत्या आहेत. त्या वाचणारा मराठी कादंबरीकार जेव्हा पुढे येईल, तेव्हा त्याला नायिका शोधण्यासाठी कामाठीपुऱ्यापर्यंत किंवा कुलिआकानपर्यंत जावे लागणार नाही.