माळ्यावरची स्टिक

दिवाळीची साफसफाई म्हणजे आमच्या घरी दरवर्षीची एक लढाईच असते. सौभाग्यवती सेनापती आणि शिडीवर चढणारा एकुलता एक शिपाई मी. यंदाही माळ्यावरून पितळी डबे उतरले, गेल्या साली ‘पुढच्या वर्षी उपयोगी पडेल’ म्हणून जपलेला आकाशकंदील उतरला आणि शेवटी जुन्या चादरीत गुंडाळलेली एक लांबट वस्तू हाताला लागली.

“काय आहे हो ते?” खालून प्रश्न आला.

“काही नाही, काठी आहे,” मी म्हणालो.

हे उत्तर मी बरीच वर्षे देत आलो आहे. ती हॉकीची स्टिक होती. दर दिवाळीला मी ती पाहतो आणि पुन्हा आत सरकवतो. यंदा मात्र सरकवली नाही. त्याला कारण झाला आमचा कॅनडातला नातू.

दोनच दिवसांपूर्वी त्याचा फोन आला होता. हल्लीच्या फोनात माणूस दिसतोही. दिसला तो डोक्यावर शिरस्त्राण, खांद्यावर ढाली, गुडघ्यांवर ढाली, जणू स्वारी पानिपतावरच निघाली होती! चौकशीअंती कळले, की चिरंजीव आइस हॉकी खेळतात. आता वाशीमकराला बर्फ ठाऊक आहे तो उसाच्या रसातला आणि जत्रेतल्या गोळ्यातला. त्यावर कोणी धावते हेच मला नवल. नातवाने मग मला शिकवणी दिली. पायांत पात्यांचे बूट घालायचे, एका वेळी दोन्हीकडचे सहा-सहा गडी बर्फावर उतरायचे, चेंडूच्या जागी तीन इंच रुंद आणि एक इंच जाड अशी रबराची चकती, आणि वीस-वीस मिनिटांचे तीन डाव. त्या खेळाचा देव म्हणजे वेन ग्रेट्झकी. १९६१ साली जन्मलेल्या या मुलासाठी त्याचा बाप दर हिवाळ्यात परसात पाणी सोडून बर्फाचे अंगण तयार करी. वीस वर्षे मोठ्या लीगमध्ये खेळून तो १९९९ च्या एप्रिलमध्ये निवृत्त झाला, तेव्हा त्याच्या पाठीवरचा ९९ हा आकडा यापुढे लीगमधल्या कोणीच वापरायचा नाही, असे ठरले. माणसे निवृत्त झालेली मी पुष्कळ पाहिली. आकडा निवृत्त झालेला प्रथमच ऐकला.

“आबा, तुमच्याकडे हॉकीत एवढं मोठं कोण झालं?” नातवाने विचारले.

“आमचा धनराज!” मी ताडकन म्हणालो. आणि म्हणताना त्याच्या मागे उभ्या असलेल्या माझ्या मुलाची नजर चुकवली. ती का, ते पुढे येईलच.

वाचकहो, धनराज पिल्ले हे नाव तमिळ खरे, पण माणूस आपल्या पुण्याजवळच्या खडकीचा. जन्म १६ जुलै १९६८. वडील दारूगोळा कारखान्याच्या मैदानाची राखण-निगा करणारे. घरात खाणारी तोंडे अनेक आणि मिळवता हात एक. नव्या स्टिका कुठून यायच्या? मोडक्या, टाकून दिलेल्या स्टिका दोरीने आवळून ही भावंडे खेळत. तरीही आईने मुलांना ‘खेळू नका’ म्हटले नाही. ग्रेट्झकीच्या बापाने परसात बर्फ केला. या माउलीला परस नव्हते, पण तिने मुलांचे मैदान तोडले नाही. पुढे त्याच्या चरित्राला जे नाव दिले गेले, त्याचा अर्थच मुळी ‘अम्मा, मला क्षमा कर’ असा आहे.

थोरला भाऊ रमेश मुंबईत हॉकी खेळत होता. त्याच्या मागोमाग धनराज मुंबईला आला आणि महिंद्र अँड महिंद्रच्या संघात शिरला. १९८९ च्या डिसेंबरात दिल्लीच्या आशिया चषकात तो प्रथम भारताकडून उतरला आणि पुढची जवळजवळ पंधरा वर्षे उतरतच राहिला. चेंडू घेऊन तो सुटला, की मानेवर उडणारे ते केस आणि मागे धापा टाकणारे बचावपटू असे चित्र दिसे. सामने ३३९. चार ऑलिंपिक, चार विश्वचषक, चार चॅम्पियन्स करंडक, चार आशियाई स्पर्धा. हा चौकडा दुसऱ्या कोणाला जमलेला नाही. पोटासाठी म्हणाल तर लंडन, ल्यों, स्टुटगार्ट, मलेशिया अशा दूरदूरच्या क्लबांकडूनही तो खेळला. म्हणजे खडकीचा हा पोरगा खराखुरा व्यावसायिक खेळाडू झाला होता.

१९९८ साल मात्र मला वेगळ्याच कारणांनी आठवते. त्या वर्षी १ जुलैला वाशीम हा अकोल्यातून वेगळा होऊन स्वतंत्र जिल्हा झाला. आम्ही कारकून मंडळी फायलींच्या गठ्ठ्यांखाली पार बुडालो. घरी चिरंजीव बारावीला. त्याने शिष्यवृत्तीच्या पैशांतून ही स्टिक आणली होती आणि शाळेच्या मैदानावर तो अंधार पडेपर्यंत खेळे. सहामाहीत गुण घसरले. मी एके संध्याकाळी स्टिक त्याच्या हातातून घेतली, चादरीत गुंडाळली आणि माळ्यावर टाकली. “बारावी झाली की घे. खेळून पोट भरतं का?”

तो काही बोलला नाही. बोलला असता तर बरे झाले असते.

त्याच डिसेंबरात बँकॉकला धनराजच्या नेतृत्वाखाली भारताने आशियाई स्पर्धेचे सुवर्णपदक जिंकले. अंतिम सामन्यात कोरियाशी १-१ अशी बरोबरी झाली आणि पेनल्टी स्ट्रोकवर आपण सरशी केली. १९६६ नंतर, म्हणजे बत्तीस वर्षांनी मिळालेले ते सुवर्ण. आणि योगायोग असा, की १९६६ चेही बँकॉकलाच मिळाले होते. वर्तमानपत्र हातात घेऊन मुलगा माझ्यापुढे उभा राहिला. “बाबा, जिंकलो,” एवढेच म्हणाला. मी रसायनशास्त्राची चौकशी केली.

आणि मग काही आठवड्यांतच मला हवा तसा पुरावा मिळाला! खेळाडूंच्या भत्त्यांविषयी आणि सोयींविषयी बोललेल्या या कर्णधाराला आणि आणखी सहा जुन्या खेळाडूंना पुढच्या मालिकेसाठी संघातून वगळले. अधिकृत कारण ‘विश्रांती’. कारण खरे वाटलेला माणूस मला तरी भेटला नाही. मी ती बातमी मुलापुढे धरली. “बघ, सोनं आणणाऱ्याचं काय झालं ते! आता सांग.”

आज वाटते, केवढा खोटा युक्तिवाद मी केला! ती बातमी खेळाविरुद्ध नव्हती. खेळाडूला वागवणाऱ्यांविरुद्ध होती. मी मात्र दंड केला तो मुलाला.

धनराज रुसून घरी बसला नाही. तो परत आला. सिडनीला उपांत्य फेरी अगदी हाताशी आली असता पोलंडने शेवटच्या क्षणी बरोबरी साधली, तेव्हा सारा देश हळहळला. तोही गिळून २००३ मध्ये त्याने आशिया चषक जिंकून आणला. २००४ साली अथेन्सला छत्तिसाव्या वर्षी तो चौथे ऑलिंपिक खेळला. अखेरच्या सामन्यात त्याला मैदानावर मिळाली ती मोजून काही मिनिटे.

मी अठ्ठावन्नाव्या वर्षी निवृत्त झालो. शाल मिळाली, श्रीफळ मिळाले, साहेबांचे भाषण झाले, पेढे वाटले. माझ्या फायलींसाठी कोणी रात्री जागले नव्हते. तरी समारंभ अर्धा-पाऊण तास चालला. खेळाडूची गोष्ट निराळी. ज्या वयात आम्हाला पहिली बढती मिळते, त्या वयात त्याची सेवापुस्तिका बंद होते, आणि पुढे अख्खे आयुष्य उरते.

त्या उरलेल्या आयुष्याचे धनराजने काय केले, ते मला फार मोलाचे वाटते. मुंबईत मुलांसाठी हॉकीची अकादमी काढायची, तर पैसा हवा. तेव्हा त्याने कचेऱ्यांतल्या छपाईयंत्रांची शाई संपलेली रिकामी नळकांडी गोळा करायची आणि ती विकून पैसा उभा करायचा असा उद्योग मांडला. ज्या नळकांड्या आम्ही कारकून केराच्या टोपलीत टाकतो, त्यांतून पोरांचे मैदान उभे करायचे! मोडक्या स्टिकेला दोरी बांधणारा हात तो. त्याला टाकाऊ असे काही दिसतच नसावे.

तर यंदा मी स्टिक घेऊन खाली उतरलो. चादर सोडली. मुठीची पट्टी कुजून गेली होती, लाकूड मात्र शाबूत होते. रात्री कॅनडाला फोन लावला आणि ती मुलापुढे धरली.

तो बराच वेळ पाहत राहिला. मग म्हणाला, “बाबा, ही अजून आहे?”

“आहे. माझं चुकलं रे,” मी म्हणालो. सत्तरी ओलांडल्यावर हे वाक्य तितकेसे जड जात नाही.

“तसं नका म्हणू,” तो म्हणाला. “शिकलो म्हणून तर इथे आलो. पण याच्या सरावासाठी पहाटे पाचला बर्फातून गाडी काढतो ना, तेव्हा आपलं मैदान आठवतं.” मग थोड्या वेळाने म्हणाला, “ती आता माळ्यावर नका ठेवू. खेळणारं कुणी असेल तर द्या.”

दुसऱ्या दिवशी मुठीला नवी पट्टी गुंडाळून मी मैदानावर गेलो. वाटेत दोघांनी ‘गुडघे दुखतात का?’ म्हणून विचारपूस केली. मैदानावर पाच-सहा पोरे बाभळीच्या वाकड्या फांद्या घेऊन चेंडू हाणत होती. त्यांतल्या एका मुलीच्या हाती मी स्टिक दिली. तिने ती उलटसुलट करून पाहिली.

“आजोबा, परत कधी आणून देऊ?”

“परत आणायची नाही,” मी म्हणालो. “आणि बारावी आली तरी कुणाला माळ्यावर टाकू देऊ नकोस.”