आजीची भूमिका आहे, पण आजी नको

सुरेखा सिकरी हे नाव ऐकून आपल्यापैकी किती जणींना चेहरा आठवेल? 'बालिका वधू'मधली दादीसा म्हटलं की मात्र सगळ्या माना डोलावतील. १९७१ साली राष्ट्रीय नाट्य विद्यालयातून बाहेर पडलेली ही नटी. दहाहून अधिक वर्षं तिथल्याच रंगमंडळात काम केलं, मग मुंबई. 'तमस', 'मम्मो' आणि 'बधाई हो'साठी सहाय्यक अभिनेत्रीचं राष्ट्रीय पारितोषिक तीनदा मिळालं. तरी घराघरात ओळख झाली ती २००८ मध्ये, मालिकेमुळे. तेव्हा वय ६३.

बालविवाहाविरुद्धची मालिका, आणि त्यात जाच करणारी कोण, तर म्हातारी बाई! पुरुषसत्तेला सासूच्या तोंडून बोलायला लावायचं ही मालिकावाल्यांची जुनी खोड. त्यावर आपण टीका करतो ती योग्यच आहे. पण ही हुकमत गाजवणारी विधवा स्वतःही त्याच रूढीत पिचलेली असणार, हे सुरेखाबाईंच्या आवाजातून कळायचं. लिहिलेल्या भूमिकेपेक्षा नटी मोठी होती.

२०१८ मध्ये त्यांना पक्षाघात झाला. २०१९ च्या डिसेंबरात तिसरं पारितोषिक त्यांनी चाकाच्या खुर्चीत बसून घेतलं. पुढे कोविडची टाळेबंदी आली. मे २०२० अखेरीस राज्य सरकारनं चित्रीकरणाला परवानगी दिली, पण ६५ वर्षांवरच्या कुणीही सेटवर यायचं नाही, अशी अट घालून. म्हणजे कथेत आजी हवी, सेटवर नको. सुरेखाबाईंच्या नावानं मदतीच्या बातम्या फिरू लागल्या तेव्हा त्यांनी स्पष्ट सांगितलं, मला दान नको, काम द्या.

मालिकेत बहुतेकांचं काम रोजावर, आणि त्या रोजाचे पैसे हाती पडायला तीन-तीन महिने. अशा धंद्यात 'तुमच्या जिवासाठीच घरी बसा' म्हणणाऱ्यानं चूल कशी पेटणार तेही सांगायला हवं होतं. चाळीस वर्षं छोट्या भूमिका करणारा सत्तरीचा एक नट उच्च न्यायालयात गेला आणि ७ ऑगस्ट २०२० रोजी मुंबई उच्च न्यायालयानं ती अट भेदभावाची ठरवून रद्द केली. सप्टेंबरात सुरेखाबाईंना पुन्हा पक्षाघात झाला. १६ जुलै २०२१ रोजी त्या गेल्या.

नटीचं निदान ऐकलं तरी गेलं. धुणीभांडी करणाऱ्या आपल्या बायांचं काय? २००८ च्या घरेलू कामगार कल्याण मंडळाच्या कायद्यात नोंदणीचं वय १८ ते ६०. काम साठीला थांबत नाही, कागद तेवढा थांबतो. मंडळाकडे आपण वारंवार जातो, पण साठीपुढच्या बायांचा मुद्दा निवेदनात शेवटून दुसरा असतो. पुढच्या बैठकीला येताना प्रत्येक गटानं आपापल्या वस्तीतल्या अशा बायांची यादी आणावी: वय, घरं किती, पगार किती, आणि टाळेबंदीत सुटलेलं काम परत मिळालं का.