घर कोणाच्या मालकीचे? मासिक हप्त्यामागील हिशेब

नवे घर घेतलेल्या एखाद्या कामगार साथीला घराची किंमत विचारा. बिल्डरने सांगितलेला आकडा तो तत्काळ सांगेल. मासिक हप्ता विचारा. तोही त्याला तोंडपाठ असतो, कारण महिन्याच्या पाच तारखेला तो त्याच्या पगारातून कापला जातो. परंतु हे घर आपल्याला अखेरीस कितीला पडणार, असा तिसरा प्रश्न विचारला, तर बहुधा उत्तर मिळत नाही. हे अज्ञान हा त्या साथीचा वैयक्तिक दोष नव्हे. ज्या व्यवहारात त्याच्या आयुष्याची वीस-पंचवीस वर्षे गहाण पडतात, तो व्यवहार त्याच्यापुढे नेहमी हप्त्याच्या रूपातच मांडला जातो, संपूर्ण किमतीच्या रूपात नव्हे. वित्तभांडवलाची ही जुनीच रीत आहे. म्हणून हा हिशेब आपण स्वतः मांडला पाहिजे.

सदतीस लाखांचे घर, सत्तर लाखांची किंमत

एक साधे उदाहरण घेऊ. घराची किंमत ३७ लाख ५० हजार रुपये. त्यापैकी ७ लाख ५० हजार रुपये कर्जदाराने भविष्यनिर्वाह निधीतून, दागिने मोडून, नातेवाइकांकडून हातउसने घेऊन उभे केले. उरलेले ३० लाख रुपये ८.५ टक्के दराने वीस वर्षांच्या मुदतीने कर्जाऊ घेतले. मासिक हप्ता येतो सुमारे २६,०३५ रुपये. असे २४० हप्ते भरल्यावर बँकेकडे जमा होणारी रक्कम ६२ लाख ४८ हजारांच्या घरात जाते. म्हणजे ३० लाखांच्या मुद्दलावर ३२ लाख ४८ हजार रुपये व्याज. स्वतःची रक्कम मिळवली, तर ३७ लाख ५० हजारांचे घर सुमारे ७० लाखांना पडते. मुद्रांक शुल्क ६ टक्के धरले, तरी सव्वादोन लाखांची भर पडते. नोंदणी, कर्जाचे प्रक्रिया शुल्क, मालमत्ता कर आणि सोसायटीची मासिक वर्गणी हे सारे वेगळेच.

या हिशेबात फसवणूक नाही, लबाडी नाही. सर्व काही कायदेशीर आहे. आणि नेमकी तीच गोष्ट ध्यानात घ्यायची आहे. येथे कोणी दुष्ट सावकार शोधण्याचे कारण नाही. व्यवस्था आपल्या नियमांप्रमाणे चालली असतानाच हे घडते.

व्याज आधी, मुद्दल नंतर

आता पहिल्या महिन्याचा हप्ता उलगडून पाहू. ३० लाखांवर ८.५ टक्के दराने एका महिन्याचे व्याज होते २१,२५० रुपये. म्हणजे २६,०३५ रुपयांपैकी मुद्दलाकडे वळतात अवघे ४,७८५ रुपये. पाच वर्षे एकही हप्ता न चुकवता भरला, १५ लाख ६२ हजार रुपये बँकेच्या हवाली केले, तरी त्यांतले १२ लाखांहून अधिक व्याजात जातात आणि मुद्दल कमी होते केवळ साडेतीन लाखांच्या आसपास. निम्मे मुद्दल फिटायला पावणेचौदा वर्षांहून अधिक काळ लोटतो. दरम्यान नोकरी गेली, कारखाना बंद पडला किंवा घर विकण्याची पाळी आली, तर आपण मालक आहोत असे मानणाऱ्या माणसाच्या लक्षात येते की, घराचा मोठा हिस्सा अद्याप धनकोच्याच ताब्यात आहे.

"भाडे भरून काय हाती लागते, त्यापेक्षा हप्ता बरा" हे वाक्य आपण नेहमी ऐकतो. परंतु पहिल्या महिन्याचे ते २१,२५० रुपये हेही भाडेच होय. फरक इतकाच की, ते घराचे भाडे नसून पैशाचे भाडे आहे. तुलना करायची तर भाडे आणि हप्ता यांची नव्हे, तर घराचे भाडे आणि पैशाचे भाडे यांची केली पाहिजे. अनेक महानगरांत तेवढ्याच घराचे भाडे या व्याजाहून बरेच कमी असते.

लांब मुदतीचे गोड औषध

हप्ता झेपत नसेल, तर मुदत वाढवून देण्याची तयारी धनको आनंदाने दाखवतो. त्या आनंदाचे कारण आकड्यांत आहे. हेच ३० लाखांचे कर्ज वीसऐवजी तीस वर्षांसाठी घेतले, तर हप्ता २३,०६७ रुपयांवर येतो. महिन्याला सुमारे २,९७० रुपयांचा दिलासा मिळतो. परंतु एकूण परतफेड ८३ लाखांवर जाते. या दिलाशापोटी साडेवीस लाख रुपयांचे अधिक व्याज द्यावे लागते. उलट मुदत पंधरा वर्षांची ठेवली, तर हप्ता २९,५४२ रुपये होतो, पण एकूण व्याज २३ लाख १८ हजारांवर थांबते. ज्याचा पगार कमी, त्याला लांब मुदत घ्यावी लागते. ज्याला लांब मुदत घ्यावी लागते, त्याचे घर सर्वांत महाग पडते. गरिबाला तीच वस्तू श्रीमंतापेक्षा महाग मिळते, या नियमाचे याहून स्वच्छ उदाहरण क्वचितच सापडेल.

दर बदलतो तेव्हा

हा सारा हिशेब दर स्थिर आहे असे धरून केला. वस्तुतः आपल्याकडील बहुसंख्य गृहकर्जे बदलत्या दराची असतात. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची अशी नवी कर्जे रेपो दरासारख्या बाह्य मानदंडाशी जोडणे रिझर्व्ह बँकेने बंधनकारक केले. मे २०२० मध्ये रेपो दर ४ टक्क्यांवर आला होता. तेव्हा स्वस्त कर्जाच्या जाहिरातींनी भिंती रंगल्या. पुढे मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ-दहा महिन्यांत हाच दर ६.५ टक्क्यांवर नेण्यात आला. एकूण वाढ अडीच टक्क्यांची.

अडीच टक्के म्हणजे काय, ते पाहा. ६.५ टक्के दराने वीस वर्षांसाठी घेतलेल्या ३० लाखांचा हप्ता २२,३६७ रुपये होतो. दर ९ टक्के झाला की त्याच रकमेचे एका महिन्याचे व्याज होते २२,५०० रुपये. हप्ता तोच ठेवला, तर त्यातून व्याजसुद्धा भागत नाही. माणूस दरमहा पैसे भरतो आणि कर्ज मात्र वाढत जाते! अनेक कर्जदारांच्या मुदती त्यांना धड न विचारता वाढल्या, निवृत्तीच्या वयापलीकडे गेल्या. अखेर ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेला आदेश काढावा लागला : दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, याचा पर्याय कर्जदाराला द्यावा, स्थिर दराकडे जाण्याची सोय द्यावी आणि हप्त्यातून व्याजही भागत नाही अशी स्थिती येऊ देऊ नये. २०२५ मध्ये रेपो दर टप्प्याटप्प्याने खाली आला, हे खरे. परंतु महागाई आटोक्यात आणण्याचे ओझे कोणाच्या खांद्यावर टाकले जाते, याचा धडा त्या दोन वर्षांनी दिला आहे.

दामदुपटीचा नियम आणि आजचा धनको

महाराष्ट्राला कर्जाचा इतिहास नवा नाही. १८७५ साली पुणे जिल्ह्यातील सुपे गावी शेतकऱ्यांनी सावकारांची कर्जखते जाळली आणि त्या उठावाच्या धक्क्याने १८७९ चा दख्खन शेतकरी साहाय्य कायदा आला. त्याही पूर्वीपासून आपल्याकडे दामदुपटीचा दंडक होता : थकलेले व्याज एका वेळी मुद्दलाहून अधिक वसूल करता येत नाही. जुन्या समाजालाही सावकारीला कोठेतरी वेसण घालावीशी वाटली होती.

आजच्या गृहकर्जात व्याज थकतच नाही. ते महिन्याच्या महिन्याला वसूल होते. म्हणून वसूल झालेले एकूण व्याज मुद्दलाहून अधिक झाले, तरी जुना दंडक येथे लागू पडत नाही. आणि हप्ते थकलेच, तर धनकोच्या हाती २००२ चा सरफेसी कायदा आहे. नव्वद दिवस थकबाकी राहिली की खाते अनुत्पादक ठरते. त्यानंतर साठ दिवसांची नोटीस देऊन, दिवाणी न्यायालयात दावा न लावता, तारण घराचा ताबा घेता येतो. मजुराला थकीत वेतनासाठी कामगार न्यायालयात वर्षानुवर्षे खेटे घालावे लागतात. धनकोला मात्र न्यायालयाची पायरी चढावी लागत नाही. कायद्याचे वर्गीय स्वरूप समजावून सांगण्यास आणखी पुराव्याची गरज आहे काय?

हप्ता आणि संप

या प्रश्नाची एक बाजू पैशात मोजता येत नाही. १८ जानेवारी १९८२ रोजी मुंबईचे सुमारे अडीच लाख गिरणी कामगार संपावर गेले आणि दीर्घकाळ लढले. त्यांची उपासमार झाली. पण भाडेनियंत्रण कायद्याखालील चाळीच्या खोलीचे भाडे अल्प होते आणि अनेकांना गावचा आधार होता. आज ज्याचा निम्मा पगार पाच तारखेला हप्त्यात जातो, तो कामगार संपाच्या सभेत हात वर करण्यापूर्वी मनातल्या मनात तीन महिने मोजतो. त्याला भित्रा म्हणणे अन्यायाचे आहे. एंगल्सने १८७२-७३ मध्ये घरांच्या प्रश्नावर लिहिलेल्या लेखमालेत हीच गोष्ट मांडली होती : कर्जाने घेतलेल्या घराच्या मालकीने कामगार मुक्त होत नाही, उलट तो एका जागेला आणि एका मालकाला जखडला जातो. दीडशे वर्षांनंतर हा इशारा अधिकच खरा ठरला आहे.

आक्षेप आणि त्यांचे उत्तर

काही साथी म्हणतील, महागाईमुळे पंधरा वर्षांनंतरचे २६ हजार रुपये आजच्याइतके जड वाटणार नाहीत. हे अंशतः खरे आहे, आणि ते नाकारण्याचे कारण नाही. परंतु ते ज्याचा पगार महागाईबरोबर वाढतो त्याच्यासाठी खरे आहे. कंत्राटी कामगारासाठी नव्हे. दुसरा आक्षेप असा की, घराची किंमतही वाढते. वाढते, पण राहते घर विकून माणूस राहणार कोठे? एकाची किंमत वाढते तेव्हा शेजारच्या घराचीही वाढते. त्या वाढीचा लाभ होतो तो ज्याच्याकडे राहत्या घराखेरीज दुसरे घर आहे त्याला. तिसरा आक्षेप प्राप्तिकरातील सवलतीचा. राहत्या घराच्या कर्जावरील व्याजाची वजावट जुन्या करपद्धतीपुरतीच आहे. २०२३-२४ पासून आपोआप लागू होणाऱ्या नव्या पद्धतीत ती मिळत नाही.

मग घर घेऊच नये काय? असे सांगणे पोकळ ठरेल. भाडेकरूला दर अकरा महिन्यांनी बिऱ्हाड हलवावे लागत असेल, तर स्वतःच्या छपराची ओढ स्वाभाविक आहे. तिची टवाळी करणे हे आपले काम नव्हे. आपले काम आहे ते डोळे उघडे ठेवून पाऊल टाकण्यास मदत करणे.

काय करावे

पहिली गोष्ट, सही करण्यापूर्वी हप्त्याचा नव्हे, एकूण परतफेडीचा आकडा मागावा. १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या अशा कर्जांबरोबर, सर्व शुल्के धरून येणारा वार्षिक दर आणि परतफेडीचे वेळापत्रक दाखवणारे मुख्य तथ्यांचे विवरणपत्र, कर्जदाराला समजेल त्या भाषेत देणे बंधनकारक आहे. ते मागून घ्यावे आणि वाचावे. दुसरी, दर वाढल्यावर बँकेने मुदत वाढवली आहे काय, हे वर्षातून एकदा तपासावे. तिसरी, पगारवाढीचा काही भाग हप्त्यात घालावा. वरील उदाहरणात पहिल्यापासून हप्ता फक्त दहा टक्क्यांनी वाढवला, तर कर्ज वीसऐवजी सोळा वर्षांत फिटते आणि सुमारे साडेसात लाख रुपये वाचतात. व्यक्तींना दिलेल्या बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीसाठी बँकांना २०१२ पासून दंड आकारता येत नाही. चौथी, कर्जाबरोबर गळ्यात मारलेल्या विम्याचा हप्ता कर्जातच मिळवला असेल, तर त्यावरही वीस वर्षे व्याज चढते, हे विसरू नये.

परंतु एकेकट्याच्या काटकसरीने घरांचा प्रश्न सुटत नाही. व्याजात सवलत देणाऱ्या सरकारी योजनांत सरकारचा पैसा कर्जदाराच्या नावाने धनकोच्या खात्यावर जमा होतो. जमिनीच्या किमतीला त्याने धक्का लागत नाही. दुसरा मार्ग आहे, हे अनुभवाने सिद्ध झाले आहे. केरळमध्ये अच्युत मेनन मंत्रिमंडळाच्या काळात, १९७२ मध्ये, एम. एन. गोविंदन नायर यांच्या पुढाकाराने भूमिहीनांसाठी लक्ष घरांची योजना हाती घेतली गेली. सोलापूरला कुंभारी येथे नरसय्या आडम यांच्या नेतृत्वाखाली विडी कामगार स्त्रियांनी संघटित होऊन लढा दिला आणि गोदूताई परुळेकर यांच्या नावाची दहा हजार घरांची वसाहत उभी राहिली. ती घरे जाहिरातीतून मिळाली नाहीत, मोर्च्यांतून मिळाली.

सार्वजनिक जमिनीवर सार्वजनिक घरे, परवडणारी भाडी, भाडेकरूला संरक्षण आणि बेरोजगारीच्या काळात हप्त्यांना दंडव्याजाविना स्थगिती या मागण्या कामगार संघटनांच्या मागणीपत्रकात वेतनाच्या शेजारी आल्या पाहिजेत. कारण वाढलेले वेतन हप्त्याच्या वाटेने पुन्हा भांडवलाकडेच जात असेल, तर आपण अर्धीच लढाई जिंकलेली असते. प्रत्येक शाखेने एका बैठकीत कागद-पेन्सिल घेऊन आपल्या एका तरी साथीच्या कर्जाचा पुरा हिशेब मांडावा. त्या एका कागदातून वित्तभांडवलाची जितकी ओळख होईल, तितकी कदाचित अनेक व्याख्यानांतून होणार नाही.