अद्भुतिकेतील 'काल' हे पात्र : एक विचार

अद्भुतिका म्हणजे वास्तवापासून केलेले पलायन, हा समज मराठी समीक्षेत दीर्घकाळ रुजलेला आहे. त्याला वाङ्मयीन इतिहासाची पार्श्वभूमीही आहे. लक्ष्मणशास्त्री हळबे यांच्या 'मुक्तामाला'ने (१८६१) रूढ केलेली अद्भुतरम्य कादंबरी हरिभाऊ आपटे यांच्या सामाजिक कादंबरीपुढे मागे पडली आणि 'अद्भुत' हा शब्द हळूहळू अपरिपक्वतेचा निदर्शक ठरला. त्यामुळे कालाला वाकवणारे एखादे कल्पित अस्तित्व साहित्यकृतीत अवतरले, की तिची रवानगी बालवाङ्मयात किंवा निव्वळ करमणुकीत होते. ही वर्गवारी कितपत न्याय्य आहे, हे टेरी प्रॅचेट (१९४८-२०१५) यांच्या 'थीफ ऑफ टाइम' (२००१) या कादंबरीच्या आधारे तपासून पाहण्याजोगे आहे.

'डिस्कवर्ल्ड' या मालिकेतील एकूण ४१ कादंबऱ्यांपैकी ही सव्विसावी. चार हत्तींच्या पाठीवर तोललेले, एका महाकाय कासवाने अवकाशातून वाहून नेलेले थाळीसारखे सपाट जग हे या मालिकेचे विश्व. दिग्गज आणि कूर्म या कल्पना परिचित असणाऱ्या वाचकाला ही रचना परकी वाटू नये. या विश्वात काल ही एक स्त्री आहे. विश्व क्षणोक्षणी नव्याने निर्माण होते, हे उमगलेल्या वेन नावाच्या मर्त्य साधकावर तिचे प्रेम जडते. त्यांना होणारा मुलगा एकच, पण तो काही क्षणांच्या अंतराने दोनदा जन्मतो. दोन देहांत वाढलेल्या या मुलांपैकी एक घड्याळजी होतो, तर दुसरा वेनच्या परंपरेतील मठात शिकतो. मठातील साधक प्रचंड फिरत्या दंडगोलांच्या साहाय्याने जिथे काल वाया जातो तिथून तो काढून घेतात आणि जिथे कमी पडतो तिथे पुरवतात.

कादंबरीतील संघर्ष उभा राहतो तो 'ऑडिटर्स' या निराकार हिशेबनिसांमुळे. सजीव सृष्टी अव्यवस्थित आहे, तिची नोंद ठेवणे कठीण आहे, म्हणून ती थांबवावी, हा त्यांचा हेतू. त्यासाठी ते काचेचे एक परिपूर्ण घड्याळ घडवून घेतात. ते अचूक चालू लागताच काल त्यात बंदिस्त होणार असतो. येथे एक महत्त्वाचा विचार कथारूप धारण करतो : कालाचे संपूर्ण मापन म्हणजेच कालाचा अंत. हेच हिशेबनीस मानवी देह धारण करतात, तेव्हा चव, गंध आणि इच्छा यांपुढे त्यांची सुव्यवस्था टिकत नाही. वास्तववादी कादंबरी घड्याळाच्या जुलमाचे चित्रण करू शकते. मात्र त्या जुलमामागील तत्त्वालाच पात्राचा देह देऊन त्याची परीक्षा घेणे तिला सहजासहजी साधत नाही.

तुलनेसाठी दोन भारतीय उदाहरणे उद्बोधक ठरतात. पुराणांतील ककुद्मी राजा कन्या रेवतीला घेऊन वरसंशोधनार्थ ब्रह्मलोकी जातो. तेथील गायन संपेपर्यंत पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटून गेलेली असतात. येथे काल हा नियम आहे. त्याच्याशी कोणाचे भांडण संभवत नाही. जयंत नारळीकर यांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेत १७६१ च्या युद्धाचा निकाल बदललेले जग भेटते, आणि त्याची उपपत्ती विज्ञानाच्या परिभाषेत दिली जाते. तेथे काल हा सिद्धान्त आहे. अद्भुतिका यांहून वेगळी वाट धरते. ती कालाला व्यक्ती मानते, आणि व्यक्ती म्हटली की तिला इच्छा, नाते व हानी या गोष्टी चिकटतातच.

या भूमिकेवर दोन आक्षेप संभवतात. प्रॅचेट यांचा विनोद विषयाचे गांभीर्य विरघळवतो, हा पहिला. परंतु विनोद आणि तत्त्वचिंतन यांचे वैर मानण्याचे कारण नाही. येथील विनोद हिशेबनिसांच्या युक्तिवादाला शेवटपर्यंत जाऊ देतो आणि त्यातूनच त्याचे वैयर्थ्य उघड करतो. दुसरा आक्षेप अधिक सबळ आहे. पर्वतावरील मठ, गूढ वचने बोलणारा वृद्ध झाडूवाला, त्याचा अवखळ शिष्य ही सामग्री पौर्वात्य साधनेच्या पाश्चात्त्य चित्रपटी प्रतिमेतून आलेली आहे. ती प्रतिमा थट्टेचा विषय होते हे खरे, तरी तिच्यावरील अवलंबन संपत नाही. भारतीय वाचकाने ही मर्यादा नोंदवलीच पाहिजे. मात्र ही मर्यादा या कृतीची आहे, प्रकाराची नव्हे.

म्हणून अशा साहित्याचे मूल्यमापन करताना 'हे शक्य आहे काय?' हा प्रश्न गैरलागू ठरतो. विचारायचा प्रश्न असा : कालावर सत्ता असणाऱ्या अस्तित्वाला त्या सत्तेचे मोल द्यावे लागते काय? मोल नसेल, तर ते पात्र केवळ कथानकाची अडचण दूर करणारे साधन उरते, आणि पलायनवादाचा आरोप तेथे रास्त ठरतो. 'थीफ ऑफ टाइम'मध्ये मोल आहे. अखेरीस दोन्ही देहांतील पुत्र एकरूप होतो, मातेचे कार्य स्वीकारतो आणि सामान्य मर्त्य आयुष्याला मुकतो. सर्व क्षण ज्याचे झाले, त्याला एखादा क्षण आपला म्हणून जगणे दुष्कर होते. पदव्युत्तर वर्गांत अद्भुतिकेला स्थान द्यायचे तर ते याच कसोटीवर द्यावे. सरसकट नकार जितका आळशी, तितकाच सरसकट स्वीकारही आळशीच ठरेल.